माल्कम आणि कॅलम

माल्कम हे आज एकसंध वाटणारे नाव मुळात दोन शब्दांचे आहे. मध्ययुगीन गेलिक भाषेत ते ‘माएल कोलुम’ असे लिहीत. यातला ‘कोलुम’ म्हणजे सहाव्या शतकातील संत कोलंबा, आणि ‘माएल’ म्हणजे डोके भादरलेला. कोलंबाच्या नावाने ज्याने मुंडन केले तो, अर्थात कोलंबाचा सेवक, असा पूर्ण नावाचा अर्थ होतो.

‘माएल’ या शब्दाची व्याप्ती मराठी ‘भुंडा’शी बरीच जुळते. बिनशिंगाची गाय, झाडझाडोरा नसलेली टेकडी, बोथट टोक या सगळ्यांना गेलिकमध्ये हेच विशेषण लागते. स्कॉटलंडच्या नैर्ऋत्येला समुद्रात घुसलेल्या ‘मल ऑफ किन्टायर’ या भूशिराच्या नावातला ‘मल’ही तोच. ख्रिस्ती धर्म आल्यावर या शब्दाला नवा अर्थ चिकटला. मठात दाखल होणाऱ्याचे केस उतरवत, आणि ते उतरवणे ही देवाच्या चाकरीत शिरल्याची खूण होती. आयर्लंड आणि स्कॉटलंडच्या मठांतील मुंडनाची तऱ्हा रोमपेक्षा वेगळी होती. तिथे डोक्याचा पुढचा भाग कानापासून कानापर्यंत भादरत, तर रोमन पद्धतीत माथ्याभोवती केसांचे कडे राखत. ईस्टरची तारीख कशी काढायची या वादाइतकाच हा मुंडनाचा वादही तापला होता. 664 मध्ये व्हिटबीच्या धर्मसभेत नॉर्थम्ब्रियाच्या राजाने रोमच्या बाजूने कौल दिला. कोलंबाच्या स्वतःच्या मठाने मात्र रोमन मुंडन 718 पर्यंत स्वीकारले नाही.

असे सेवकनाम एकटे माल्कमचे नव्हते, त्यांचा मोठा गोतावळा होता. माएल ईसू म्हणजे येशूचा सेवक, माएल पात्रिक म्हणजे पॅट्रिकचा, माएल ब्रिग्ते म्हणजे ब्रिजिडचा. ‘लेबोर ना हुइद्रे’ हे आयरिश भाषेतील प्रसिद्ध हस्तलिखित उतरवून काढणाऱ्या लेखनिकांपैकी एक माएल मुइरे, म्हणजे मेरीचा सेवक. 1106 मध्ये क्लॉनमॅकनॉइसच्या मठात लुटारूंनी त्याला ठार केले. बाराव्या शतकातील संत मॅलकी याचे खरे नाव माएल माएदोक. ‘मॅलकी’ हे त्याला दिलेले बायबली रूप. रामदास किंवा शिवदास या नावांची सवय असलेल्या वाचकाला हा प्रकार नवा वाटणार नाही. गेलिक रिवाजात मात्र एक संकोचही दिसतो. संताचे नाव पोराला जसेच्या तसे ठेवणे धारिष्ट्याचे मानले जाई, म्हणून ते ‘सेवक’ या शब्दाच्या आडोशाने ठेवत. येशूच्या आईचे ‘मुइरे’ हे नाव आयरिश भाषेत तिच्यासाठीच राखून ठेवले गेले. साध्यासुध्या मुलींसाठी ‘माइरे’ असे वेगळे रूप प्रचारात आले.

पुढे ‘माएल’च्या बरोबरीने ‘गिल्ला’ हा शब्दही नावांत शिरला. त्याचा अर्थ पोऱ्या, हाताखालचा गडी. गिलख्रिस्ट, गिलीज, गिलमोर, गिलेस्पी ही आजची स्कॉटिश आडनावे त्यातून आली आहेत. त्यांत अनुक्रमे ख्रिस्ताचा, येशूचा, मेरीचा आणि बिशपचा सेवक दडलेला आहे. गिल्ला कोलुम हे नावही होते. अर्थ माल्कमचाच, फक्त मुंडनाच्या जागी चाकरी.

आता कोलंबाबद्दल. त्याचा जन्म 521 च्या सुमारास आयर्लंडच्या उत्तरेला, डोनेगॉलमधील गार्टन येथे, ई नील या राजघराण्यात झाला. परंपरा सांगते की त्याचे पाळण्यातले नाव क्रिम्थन होते आणि त्याचा अर्थ कोल्हा. ‘कोलुम’ हा शब्द लॅटिनमधील कबुतराच्या ‘कोलुम्बा’ या शब्दावरून आयरिश भाषेत आलेला आहे, आणि आयरिश लोक या संताला ‘कोलुम किले’, म्हणजे चर्चचे कबुतर, म्हणतात. कोल्ह्याचे कबुतर झाले ही गोष्ट इतकी नेटकी आहे की ती भक्तांनी मागाहून रचली असावी असा संशय येतो. 563 मध्ये तो बारा सोबत्यांसह समुद्र ओलांडून स्कॉटलंडच्या पश्चिमेला आला आणि आयोना या छोट्या बेटावर त्याने मठ उभारला. 9 जून 597 रोजी तो तिथेच वारला. त्यानंतर शंभर वर्षांनी, आयोनाचा नववा मठाधिपती अदोम्नान याने त्याचे लॅटिन चरित्र लिहिले, आणि त्यामुळे कोलंबाची कीर्ती बेटाबाहेर दूरवर पोहोचली.

आयर्लंडमध्ये कोलंबा मोठा संत होता, पण पॅट्रिक आणि ब्रिजिड यांच्या जोडीने. स्कॉटलंडमध्ये त्याचे महत्त्व वेगळे ठरले, आणि माल्कम हे नाव आयर्लंडपेक्षा स्कॉटलंडचे का झाले याचे उत्तर तिथेच आहे. व्हायकिंगांनी 795 पासून आयोनावर धाडी घातल्या; 806 च्या धाडीत मठातील 68 जण मारले गेले. बेट असुरक्षित झाले तसे मठाचे वैभव दोन ठिकाणी वाटले गेले. काही अवशेष आयर्लंडकडे गेले आणि काही 849 च्या सुमारास स्कॉटलंडच्या आतील भागातील डंकेल्ड येथे आणले गेले. तिथे त्या काळी केनेथ मॅकअल्पिनची सत्ता होती. नव्याने घडत असलेल्या अल्बा या राज्याला रक्षणकर्ता संत मिळाला तो असा. दहाव्या शतकाच्या आरंभी अल्बाचे सैन्य कोलंबाचा दंड निशाणासारखा पुढे धरून लढाईत उतरले आणि त्या दंडाला ‘रणविजय’ अशा अर्थाचे नाव होते, अशी नोंद एका आयरिश बखरीत आहे.

याच वातावरणात केनेथच्या वंशात पहिला माल्कम जन्मला. त्याचा बाप डोनाल्ड दुसरा 900 मध्ये मरण पावला, म्हणजे मुलाचे नाव त्याआधीच, किंवा फार तर त्याच सुमारास ठेवले गेले असणार; डंकेल्डला अवशेष आल्यापासून जेमतेम पन्नास वर्षे झाली होती. मठातील सेवकाचे नाव राजपुत्राला शोभेल असे तोवर ठरले होते. हा माएल कोलुम मॅक डोमनल, म्हणजे डोनाल्डचा मुलगा माल्कम, 943 मध्ये गादीवर बसला. त्याच्या आधीचा राजा कॉन्स्टंटाइन राज्य सोडून सेंट अँड्र्यूजच्या मठात गेला होता. 945 मध्ये इंग्लंडचा राजा एडमंड याने कंब्रियाचा मुलूख जिंकून माल्कमच्या हवाली केला आणि बदल्यात मैत्रीचे वचन घेतले. नावाचा प्रसारही तिथवर झालेला दिसतो. स्ट्रॅथक्लाइडचे राजे वेल्शसारखी भाषा बोलणारे, तरी त्यांच्यातील 997 मध्ये वारलेला एक राजा माल्कम नावाचाच होता.

आजची पाठ्यपुस्तके या राजांना पहिला, दुसरा, तिसरा, चौथा असे आकडे देतात. त्यांच्या काळात आकडे नव्हते, बापाचे नाव पुरेसे होते. दुसरा माल्कम हा केनेथचा मुलगा. 1005 ते 1034 अशी लांब कारकीर्द त्याला लाभली. ट्वीड नदीकाठी कॅरम येथे त्याने नॉर्थम्ब्रियन सैन्याला हरवले, आणि त्याला मुलगा नसल्याने मुलीचा मुलगा डंकन गादीवर आला. याच पिढीत उत्तरेकडील मोरे प्रांताचा सत्ताधीशही माल्कम नावाचा होता. तो 1029 मध्ये वारला. ‘बुक ऑफ डीअर’ या ग्रंथाच्या समासांत बाराव्या शतकात लिहिलेल्या गेलिक नोंदी आहेत. ईशान्य स्कॉटलंडमधील एका मठाला कोणी कोणती जमीन दिली याची ती यादी. तीत हे दोन्ही माल्कम भेटतात, राजाही आणि मोरेवालाही. स्कॉटलंडमध्ये लिहिले गेलेले गेलिक गद्य इतके जुने फार थोडे उरले आहे, म्हणून या समासातील ओळींना मोल आहे.

तिसरा माल्कम सर्वांत प्रसिद्ध, आणि त्याचे श्रेय शेक्सपिअरला. डंकनचा हा मुलगा. त्याच्या बापाला मारून मॅकबेथ राजा झाला. माल्कमने 1057 मध्ये लम्फनन येथे मॅकबेथला आणि पुढच्या वर्षी मॅकबेथचा सावत्र मुलगा लुलाख याला संपवले. मॅकबेथ हेही गेलिक नावच, आणि ‘मॅक’ असूनही ते आडनाव नव्हे. ‘जीवनाचा पुत्र’ असा त्याचा अर्थ आहे आणि तेही धार्मिक वळणाचेच आहे. नाटकातील दुष्ट राजा आणि त्याला हटवणारा राजपुत्र या दोघांची नावे मठाच्या छायेतील आहेत, हे प्रेक्षकांच्या सहसा लक्षात येत नाही. नाटकाच्या पहिल्या अंकातील दुसऱ्या प्रवेशात माल्कम रंगमंचावर असतानाच पराभूत नॉर्वेकरांनी ‘सेंट कोम्स इंच’ या बेटावर खंडणी मोजल्याची बातमी येते. हे इंचकोम बेट एडिनबरोजवळच्या खाडीत आहे, आणि त्याच्या नावातला कोम म्हणजे माल्कमच्या नावातला तोच कोलंबा.

नावाच्या इतिहासाला सर्वांत मोठे वळण याच तिसऱ्या माल्कमच्या घरात मिळाले. त्याची पहिली बायको ऑर्कनीच्या जारलांच्या घरातील इंगिब्योर्ग. तिच्यापासून झालेल्या मुलाचे नाव डंकन, म्हणजे आजोबाचेच. दुसरी बायको मार्गारेट ही इंग्लंडच्या जुन्या वेसेक्स राजवंशातील. नॉर्मनांनी इंग्लंड जिंकल्यावर ती आश्रयाला आली होती. पुढे ती संत म्हणून घोषित झाली. तिला सहा मुलगे झाले: एडवर्ड, एडमंड, एथेलरेड, एडगर, अलेक्झांडर आणि डेव्हिड. यांत एकही गेलिक नाव नाही. पहिली चार नावे पाहिली तर मार्गारेटचा बाप, आजोबा, पणजोबा आणि खापरपणजोबा अशी तिची वंशावळ पायरीपायरीने वर चढत जाते. कोलंबाचा सेवक म्हणवणाऱ्या राजाने या सहा मुलांपैकी एकालाही आपल्या बापजाद्यांचे नाव दिले नाही. यात राणीचा आग्रह किती आणि इंग्लंडच्या गादीवरील हक्काचे राजकारण किती, हे वेगळे काढणे कठीण. पण राजकारण होतेच. माल्कमने इंग्लंडच्या उत्तरेवर पुन्हा पुन्हा स्वाऱ्या केल्या आणि 13 नोव्हेंबर 1093 रोजी अल्निक येथे तशाच एका स्वारीत तो मारला गेला. थोरला एडवर्डही त्याच स्वारीत जखमी होऊन गेला, आणि मार्गारेट तीन दिवसांत वारली.

या माल्कमला ‘कॅनमोर’ म्हणतात. गेलिक ‘केन मोर’ म्हणजे मोठे डोके, किंवा मोठा प्रमुख. हे टोपणनाव मुळात त्याचे की त्याच्या पणतूचे, असा प्रश्न इतिहासकार ए. ए. एम. डंकन यांनी उभा केला. अल्स्टरच्या बखरीत 1165 च्या नोंदीत ते चौथ्या माल्कमला लावलेले आहे, आणि ती नोंद समकालीन आहे. तिसऱ्या माल्कमला ते चिकटलेले दिसते ते मागाहूनच्या ग्रंथांत. एकाच नावाचे दोन राजे असले की उपाधींची अदलाबदल होते, त्याचा हा नमुना मानायला हरकत नाही.

चौथा माल्कम हा डेव्हिडचा नातू. आई अडा ही नॉर्मन घराण्यातील, आजूबाजूला फ्रेंच बोलणारा दरबार, आणि नाव मात्र पणजोबाचे गेलिक. बारा वर्षांचा असताना, 1153 मध्ये, तो राजा झाला. 1159 मध्ये इंग्लंडच्या दुसऱ्या हेन्रीबरोबर तो फ्रान्समध्ये तुलूझच्या मोहिमेवर गेला आणि तिथे त्याला सरदारकी मिळाली. 1165 मध्ये चोविसाव्या वर्षी तो अविवाहित वारला, म्हणून त्याला ‘कुमारी’ अशा अर्थाची इंग्रजी उपाधी मिळाली. त्याच्यानंतर स्कॉटलंडच्या गादीवर माल्कम नावाचा राजा आला नाही. विल्यम, अलेक्झांडर, रॉबर्ट, डेव्हिड, आणि मग जेम्सांची लांबलचक रांग.

राजघराण्याने सोडलेले नाव सरदारांनी मात्र धरून ठेवले. फाइफचा अर्ल माल्कम याने 1217 मध्ये कलरॉसचा मठ स्थापन केला. लेनॉक्सच्या अर्लांमध्येही हे नाव फिरून फिरून येते. त्यांच्यातला एक रॉबर्ट द ब्रूसचा जुना साथीदार होता आणि 1333 मध्ये हॅलिडन हिलच्या लढाईत पडला.

परभाषिकांनी या नावाचे काय केले हेही पाहण्यासारखे आहे. लॅटिन सनदांत ते माल्कोल्मस झाले. नॉर्स लोकांनी त्याचे ‘मेल्कोल्फ्र’ केले, कारण ‘ओल्फ्र’ने संपणारी नावे त्यांच्या कानांना ओळखीची होती. आइसलँडच्या ‘न्यालची सागा’ या कथेत मेल्कोल्फ नावाचा एक आयरिश गुलाम आहे. दुष्काळाच्या दिवसांत मालकीण हालगेर्ड त्याला शेजाऱ्याच्या कोठारातून लोणी आणि चीज चोरायला पाठवते, आणि त्या चोरीतून पुढचे खूनसत्र सुरू होते. स्कॉटलंडमध्ये राजाचे असलेले नाव आइसलँडमध्ये गुलामाचे निघावे, याचे कारण व्हायकिंगांच्या गुलामबाजारात आहे. आयर्लंडमधून पकडून नेलेली माणसे आपली नावे घेऊनच उत्तरेला गेली.

इंग्रजीत या नावाचा आघात बदलला. गेलिकमध्ये अशा जोडनावात जोर दुसऱ्या शब्दावर, म्हणजे संताच्या नावावर पडतो. इंग्रजीने तो पहिल्या अवयवावर आणला, त्यामुळे मागचा भाग दबला आणि लिहिलेला दुसरा ‘ल’ उच्चारातून गळाला. अमेरिकेत काही जण हे नाव त्या ‘ल’शिवाय लिहितातही. गेलिक भाषकांच्या तोंडी मात्र जोराचा भाग टिकला. आधुनिक स्कॉटिश गेलिकमध्ये ‘मूल खालम’ हे पूर्ण रूप पुस्तकी झाले असून रोजच्या वापरात आहे ते नुसते ‘कॅलम’. हे रूप थेट कोलंबाच्या नावाचे, ‘सेवक’ वगळून. जुना संकोच केव्हाच सुटला होता. हेब्रिडीज बेटांवर संतालाही कॅलम किले म्हणतात, आणि तिथल्या परंपरेत गुरुवार हा त्याचा वार, नवीन कामाला हात घालायला शुभ. स्कॉटलंडच्या उत्तरेत पुष्कळ पिढ्या अशा गेल्या की दप्तरात माल्कम आणि घरात कॅलम ही एकाच माणसाची दोन नावे असत. बाप किंवा आजोबाचे नाव मुलीला द्यायचे तर त्याला ‘इना’ जोडत. त्यातून माल्कमिना आणि कॅलमिना झाल्या.

आयर्लंडमध्ये ‘माएल’चे रूप मागे पडले आणि कोल्म, कोलम ही सुटी रूपे राहिली. ‘कोल्मान’ हे लाडके रूप जुन्या काळी इतके चालले की त्या नावाचे शेकडो संत मोजले जातात. त्यातून आइसलँडमध्ये काल्मान आले, आणि कोलमन हे आयरिश आडनावही. त्याच नावाचा एक आयरिश यात्रेकरू 1012 मध्ये ऑस्ट्रियात हेर समजून फासावर चढवला गेला आणि मागाहून संत ठरला. कॉलिन हे नाव मात्र या कुळातले नाही, ऐकायला जवळचे वाटले तरी. इंग्रजी कॉलिन निकोलसपासून आलेला आहे. कॅम्पबेल सरदारांच्या गेलिक ‘काइलिन’शी त्याची सांगड मागाहून घातली गेली.

आडनावांचा रस्ता तिसरा. मॅककॅलम हे ‘मॅक गिले खालम’, म्हणजे कोलंबाच्या गड्याचा मुलगा, यातून आलेले. रासे बेटावरील मॅकलाउड सरदारांची पिढीजात गेलिक पदवीही हीच होती. आर्गाइलमधील पोल्टालोखच्या मॅककॅलम घराण्याने अठराव्या शतकाच्या अखेरीस आडनाव बदलून माल्कम केले. गेलिक वळण सोडून इंग्रजी कानाला सोपे रूप घेण्याचा तो काळ होता.

याच आडनावाचा एक माणूस महाराष्ट्राच्या इतिहासात आहे. सर जॉन माल्कम 1769 मध्ये स्कॉटलंडच्या दक्षिण सीमेवरील एस्कडेलमध्ये जन्मला. तो मुलूख गेलिक बोलणारा नव्हे, त्यामुळे आपल्या आडनावातील मुंडन केलेला सेवक त्याच्या घरात कोणाच्या ध्यानी असण्याचे कारण नव्हते. जून 1818 मध्ये दुसरा बाजीराव शरण आला तो याच माल्कमला, आणि सालिना आठ लाखांच्या तनख्याचा करारही त्यानेच केला. ईस्ट इंडिया कंपनीच्या वरिष्ठांना ती रक्कम उधळपट्टी वाटली. 1827 ते 1830 या काळात तो मुंबईचा गव्हर्नर होता. महाबळेश्वरचे पठार गोऱ्या आजाऱ्यांसाठी हवे म्हणून त्याने 1829 मध्ये साताऱ्याच्या प्रतापसिंह महाराजांशी अदलाबदल केली. महाबळेश्वर कंपनीकडे आले आणि वाईजवळचे खंडाळा साताऱ्याला गेले. महाबळेश्वरला वसवलेल्या बाजाराला माल्कम पेठ म्हणू लागले. आयोनाच्या मठातील संताचे नाव सह्याद्रीच्या माथ्यावर पोहोचले ते असे, दोनदा रूप पालटून.

एकोणिसाव्या आणि विसाव्या शतकात माल्कम हे पहिले नाव म्हणून स्कॉटलंडबाहेर, सगळ्या इंग्रजी जगात पसरले. ऑस्ट्रेलियाचे दोन पंतप्रधान, फ्रेझर आणि टर्नबुल, या नावाचे. बार्बाडोसचा माल्कम मार्शल भारतीय क्रिकेटरसिकांना 1983-84 च्या मालिकेतील 33 बळींमुळे आठवतो. वसई, वांद्रे आणि गोव्याकडील ख्रिस्ती कुटुंबांतही हे नाव रुळलेले आहे. अमेरिकेत 1925 मध्ये जन्मलेल्या माल्कम लिटलने आडनाव टाकून तिथे ‘एक्स’ लावले, कारण ते आडनाव गुलामांच्या मालकांनी दिलेले होते. पहिले नाव त्याने ठेवले. 1964 च्या हजयात्रेनंतर मात्र तो अल हज मलिक अल शबाझ असे नाव लावू लागला, आणि अरबीत ‘मलिक’ म्हणजे राजा.

स्कॉटलंडमध्ये विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात माल्कम हे नाव हळूहळू वडीलधाऱ्यांचे झाले आणि त्याची जागा कॅलमने घेतली. शतक सरताना हे नाव तिथल्या मुलग्यांच्या सर्वाधिक पसंतीच्या नावांत होते, आणि इंग्लंडमध्येही, गेलिकचा गंध नसलेल्या घरांत, ते ठेवले जाऊ लागले. लिहिण्यात दोन पंथ आहेत. गेलिक परंपरेतले लोक एकाच ‘ल’ने लिहितात, इंग्रजी वळणाने जाणारे दोन ‘ल’ घालतात, आणि संख्येने हे दुसरे पुष्कळ अधिक आहेत. गेलिक बोलणाऱ्या घरात मात्र हाक मारताना नावाचे पहिले अक्षर बदलते: कॅलम असतो, पण त्याला बोलावताना ‘अ खालिम’ म्हणतात. पूर्ण नावातील ‘खालम’मध्ये आणि मॅककॅलमच्या मूळ रूपात जो ‘ख’ आहे तो याच व्याकरणाचा.